पाठवणारी कोण

"मॅडम, खरं बोललं तरी बदनामीचा दावा होतो का?"

हा प्रश्न विचारायची पैज मैत्रिणींनी लावली होती आणि तिच्या तोंडाला कुलूप कधीच नव्हतं. कायद्याची ओळख करून द्यायला शाळेत आलेल्या वकीलबाईंपुढे ती ताडकन उभी राहिली. मागच्या बाकांवर खसखस पिकली.

वकीलबाई हसल्या नाहीत. "दावा कुणीही करेल. मग ते खरं होतं आणि लोकांच्या भल्यासाठी सांगितलं होतं, हे तुला सिद्ध करावं लागतं. कागदांनी. नुसत्या शपथांनी नाही."

"आणि एकाने फक्त मालकांना लिहिलं, पण दुसऱ्याने ते सगळ्यांना पाठवलं तर?"

हे पैजेत नव्हतं.

"मालकाबद्दल मालकालाच लिहिलं, तर त्यात बदनामी नाही. तिसऱ्यापर्यंत नेणारा अडकतो."

खसखस थांबली. मैत्रिणींना सगळं ठाऊक होतं.

तिचे बाबा बावीस वर्षं रक्त तपासणीच्या लॅबमध्ये होते. गेल्या महिन्यात साखर मोजायचं मशीन दोन दिवस बंद पडलं, तरी रिपोर्ट बाहेर गेले. बाबांनी मालकांना मेसेज केला, 'मशीन बंद असताना एकोणचाळीस जणांचे आकडे कुठून आले?' सोबत रजिस्टरच्या पानाचा फोटो. तिने तो बाबांच्या फोनवर वाचला. त्याच दोन दिवसांत एका मैत्रिणीच्या आजीचं रक्त तिथे गेलं होतं. तिने आपल्या फोनने त्याचा फोटो काढला आणि मैत्रिणीला पाठवून दिला. केवढं चांगलं काम केलं म्हणून छाती फुगली होती. संध्याकाळपर्यंत तो गल्लीभर झाला, आठवड्यात बाबांची नोकरी गेली, मागोमाग मालकांची बदनामीची नोटीस आली.

ती घरी पोचली तेव्हा टेबलावर मालकांनी लिहून पाठवलेला माफीनामा होता. 'माझे आरोप खोटे आहेत आणि ते मीच पसरवले.' बाबांनी पेनाचं टोपण काढलं होतं.

"सही केलीत तर कुठलीच लॅब दारात उभं करणार नाही," आई म्हणाली.

"मिटेल तरी," बाबा म्हणाले.

"बाबा, तुम्ही पसरवलं नाहीत."

"माहितेय." त्यांनी मान वर केली नाही. "गल्लीत फिरतोय त्या फोटोत कडेला अंगठा आलाय. मी जांभळं नेलपॉलिश लावत नाही."

आई हसली नाही. तीही नाही. म्हणजे ही सही तिच्यासाठी होती.

"रजिस्टरच्या पानावर काय आहे, बाबा?"

"रोज सकाळी मशीन तपासून आकडा लिहायचा असतो. ते दोन दिवस मी लाल शाईने 'बंद' लिहिलं."

"आणि खाली?"

"मालकांची सही, फोटोत तीही आहे. ते न वाचताच करतात, महिन्याची एकदम." बाबा थबकले. "पण हे कोर्टात मांडायचं तर पाठवलं कुणी, हे निघणारच. तुझं शाळेचं शेवटचं वर्ष आहे, बाळा."

तिने त्यांच्या हातातून पेन घेतलं आणि टोपण लावलं.

"सही करू नका. उद्या मी शाळेत जाणार नाही. आई, तू माझ्याबरोबर वकीलबाईंकडे यायचं. मेसेजचा फोटो मी पाठवला, कुणाला आणि का, ते मी लिहून देणार आहे."