तबकडीच्या शेवटचं नाव

आमच्या बेंबळी गावचा मुनवर सोळाव्या वर्षीच संपला. आता तो पंचविशीचा आहे, बाजारात भेटला तर मान खाली घालून सलाम करतो, ही गोष्ट वेगळी.

मिसरूड फुटायच्या आधी त्यानं उस्मानाबादच्या उरसात कव्वाली म्हटली आणि सगळा जिल्हा येडा झाला. पोरांनी त्याच्यासारख्या टोप्या तिरक्या केल्या. कासारणी साध्या हिरव्या बांगड्या ‘मुनवर बांगड्या’ म्हणून खपवू लागल्या. बांगड्यांचा नि त्याचा संबंध काय, हे एकीनंही विचारलं नाही. मीही घेतल्या, खोटं कशाला बोलू! तालुकदारसाहेबांच्या मोटारीत बसून तो हैदराबादला गेला आणि तिथं त्याची ग्रामोफोनची तबकडी निघाली. गाणं संपलं की गाणाऱ्यानं आपलं नाव सांगायचं, असा तबकड्यांचा जुना रिवाज. त्याप्रमाणं अगदी शेवटी एक कोवळा आवाज ऐटीत म्हणतो, “मेरा नाम मुनवर, बेंबळीवाला!”

मग त्याचा आवाज फुटला. सगळ्याच पोरांचा फुटतो. अशा वेळी गळ्याला वर्षभर आराम द्यायचा, हे गाणाऱ्यांच्या घरात शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. पण उरसात संदलच्या, म्हणजे दर्ग्यावर चंदन चढवायच्या दिवशी पहिल्यांदा गायचा मान ज्या कव्वाली पार्टीचा, तिनं एक साल चुकवलं की तो मान दुसऱ्या पार्टीकडं जातो. मुनवरचा चुलता खाजामियाँ पार्टीचा मुख्य. त्यानं मान धरून ठेवला आणि पोराच्या गळ्याची माती केली. काळी मिरी चावायला देऊन त्याला तसाच गायला बसवला. दुसऱ्या उरसात वरच्या सुराला गळ्यातून रक्त आलं, आणि मानही गेला तो गेलाच. खाजामियाँ आता कबरीत आहे, म्हणून माझा राग काही कमी होत नाही.

तेव्हापासून मुनवर मागच्या ओळीत बसून टाळ्या वाजवतो. बोलला तरी आवाज पावसात फुगलेल्या दारासारखा करकरतो. शांतलिंगच्या हॉटेलात लोक त्याच्यासमोरच ती तबकडी लावायला सांगतात. तो खोकला, तर “गप की रे, ऐकू दे,” म्हणून त्यालाच दटावतात.

गेल्या हिवाळ्यात त्याची आई, मैमुनाबी, अंथरुणाला खिळली. मोतीबिंदूनं डोळे आधीच गेलेले, त्यात तापानं मन मागं कुठंतरी जाऊन बसलं. मी शेजारीण, म्हणून उशाशी होते. तिचा एकच धोसरा.

“माझ्या मुनवरला बोलवा. उरसाला गेलाय, अजून आला न्हाय.”

“अम्मा, म्या हितंच हाय की,” मुनवर तिचा हात धरून म्हणाला.

तिनं हात हळूच सोडवून घेतला. “बसा बाबा. लांबून आलात जणू.”

तिच्या जाण्याचं दुःख तर होतंच, पण आपल्याला न ओळखताच ती जाणार, या भीतीनं तो पांढराफटक पडला. मलाच राहवलं नाही. म्हटलं, “मुनवर, गाऊन दाखव. आई हाय, गळा ओळखंल.”

“गिरिजाकाकू, कुठला गळा आता?”

“कसला का असंना. गा.”

त्यानं दार लोटून घेतलं. इतक्या वर्षांत तो पहिल्यांदाच गायला. वरचा सूर येईना, खालचा फाटत होता, तरी त्यानं नेट लावून सगळं कडवं म्हटलं. मला वाईटही वाटलं आणि त्याचा अभिमानही वाटला. मैमुनाबी कान देऊन ऐकत होती.

“कोण रडतंय गं?” तिनं मला विचारलं. “त्याला भाहेर बसवा. आजाऱ्याच्या घरात असं रडू न्हाय.”

मुनवर उठला आणि बाहेर गेला. मला वाटलं, आता हा काही परत येत नाही. पण तो शांतलिंगचा ग्रामोफोन डोक्यावर घेऊन आला. कर्णा आईच्या अंगाकडं वळवून त्यानं चावी भरली आणि तबकडी लावली.

तिचा चेहरा असा खुलला, की मला बघवेना. ओठ हलायला लागले, बोटं गोधडीवर ताल धरायला लागली. शेवटी तो आवाज म्हणाला, “मेरा नाम मुनवर, बेंबळीवाला!”

“आला गं, आला माझा सोन्या!” ती म्हणाली. रडत होती, हसत होती. मग शेजारी कुणी बसलंय, हे तिच्या ध्यानात आलं.

“ऐकलं न्हवं, बाबा? त्यो माझा ल्योक. तुमचं नाव काय?”

मुनवरनं माझ्याकडं पाहिलं.

“रसूल, खाला,” परक्यानं मावशी म्हणावं तसा तो म्हणाला.

“बसा रसूलभाई. आजून एक डाव ऐकून जावा.”

त्यानं पुन्हा चावी भरली.