चुन्याच्या दोनशे टोपल्या

मुलांनो, नीट बसून ऐका. बोलत आहे ते मी, लॉगॅरिथमचे एक जुने कोष्टक, आणि सांगणार आहे ती माझ्या शरमेची गोष्ट.

मुंबईच्या छापखान्यात माझा जन्म झाला. शाहू महाराजांच्या कारकिर्दीत, १९०९ साली, मी कोल्हापुरास ओव्हरसियर हंबीररावांकडे आले. मोठमोठे गुणाकार मी साध्या बेरजेवर आणत असे. दहाचा कितवा घात केला असता एखादी संख्या मिळते, ते लॉगॅरिथम सांगते. दहाचे एक, शंभराचे दोन, हजाराचे तीन. म्हणून विसाचे १.३०१० आणि दोनशेचे २.३०१०. यांतले ३०१० तेवढे माझ्या पानावर असते. आधीचा अंक माणसाने दहाच्या घातावरून ठरवायचा. हे माझे अपुरेपण मला ठाऊक होते. तरी लोक मला अचूक म्हणत, तेव्हा मी फुगत असे.

शाहूवाडीच्या डोंगरात तलावाची भिंत बांधायची होती. चुन्याच्या किती टोपल्या लागतील हे मापांवरून काढताना हंबीररावांची बेरीज २.३०१० आली. घाईत त्यांनी ती १.३०१० धरली आणि वीसच टोपल्या चुना मागवला.

गवंडी सिकंदर हसला. "साहेब, वीस टोपल्यांत भिंत न्हाय, चूल हुईल! दहा टोपल्यांचा एक ढीग, असल्या दहा ढिगांचा शेकडा. असं दोन शेकडं लागतील की."

"मग हे खोटं बोलतंय व्हय?" हंबीररावांनी माझ्यावर हात आपटला. "मला शिकवतोस? उद्यापास्नं कामावर येऊ नगंस!"

सिकंदर थापी उचलून खालमानेने निघून गेला. आणि मी? पुरावा म्हणून मला पुढे केले, याचा मला अभिमान वाटला.

दुसऱ्या दिवशी भिंत घोट्याएवढी होते न होते तोच चुना संपला. हंबीररावांनी गणित पुन्हा मांडले आणि त्यांचा चेहरा उतरला. मला काखेत घेऊन ते सिकंदरच्या घरी गेले. त्याची आई मेहरुन्निसा दारातच उभी होती.

"चूक झाली, मावशी. सिकंदरला धाडा."

"चार माणसांत त्याला घालवलंसा, आन् माफी हितं दारात, हळूच? चला, तितंच बोला."

सिकंदरला घेऊन हंबीरराव भिंतीपाशी साऱ्या मजुरांपुढे उभे राहिले. "कोष्टक बरोबर हुतं. चूक माझी. सिकंदर म्हणत हुता तेच खरं."

 सिकंदरने पुढे होऊन, भिंत सरळ उभी आहे का ते पाहायला, तिला ओळंबा लावला.

माझी सुटका झाली; शरम मात्र गेली नाही. मुलांनो, मला उघडण्याआधी उत्तर दहांत येणार, शेकड्यांत की हजारांत, हे स्वतः ठरवा. आणि माझे पान दाखवून कोणा जाणत्या माणसाचे तोंड कधीही बंद करू नका.