प्रमुख पाहुण्यांच्या सन्मानार्थ

दुबईत राहून देशप्रेम करणं फार सोयीचं असतं. टॅक्स नाही, मतदानाची रांग नाही, आणि ज्या देशासाठी छाती फुगवायची तो वर्षातून एकदाच, जुलैच्या सुट्टीत, घामाघूम करतो. सदानंद टिपणीस कितीतरी वर्षं या सोयीचा लाभ घेत होता. दिवसा तो रास अल खोरमधल्या एका एअरकंडिशनिंग कंपनीत एस्टिमेशनचं काम करायचा आणि मालकाचा कोवळा पुतण्या आला तरी खुर्चीतून उठून 'येस सर' म्हणायचा. संध्याकाळी मात्र तो सह्याद्री मित्रमंडळाचा सचिव असायचा. चहाचा दुसरा कप झाला की तो भारतातल्या अल्पसंख्याकांची व्यवस्था लावायला घ्यायचा. त्यांनी पाहुण्यासारखं राहावं, मान खाली घालून राहावं, खातात इथलं आणि गातात तिथलं हे चालणार नाही. हे सगळं तो दर तीन वर्षांनी शिक्का मारून घ्याव्या लागणाऱ्या व्हिसावर बसून बोलायचा, आणि ऐकणारेही तशाच व्हिसावर बसून माना डोलवायचे.

अठ्ठ्याण्णव साली कंपनीचा अर्धा हिस्सा एका जर्मन फर्मने विकत घेतला आणि लिंडनर नावाचा साठीकडे झुकलेला, उंच, अबोल माणूस जनरल मॅनेजर म्हणून आला. तो निम्मी माणसं कमी करणार, अशी बातमी ऑफिसच्या पॅन्ट्रीतून निघाली. पॅन्ट्रीतली बातमी सहसा खोटी ठरत नाही. सदानंदच्या पायाखालची जमीन सरकली. नोकरी गेली की व्हिसा गेला, व्हिसा गेला की महिन्याभरात बोऱ्याबिस्तर गुंडाळून विमानात. थोरली इरा दहावीला होती, मार्चमध्ये बोर्ड. सत्तेचाळिसाव्या वर्षी पुण्यात जाऊन कोणाच्या दारात उभं राहायचं, या विचाराने त्याला जेवण जाईना.

मग त्याला युक्ती सुचली. मंडळाच्या गणेशोत्सवात लिंडनरला प्रमुख पाहुणा म्हणून बोलवायचं. त्याला बोलवायचं काम त्याने खैरुद्दीनवर सोपवलं. खैरुद्दीन परकार हा प्रोजेक्ट्सचा इंजिनियर, चिपळूणचा, लिंडनरबरोबर रोज साइटवर जाणारा. सदानंदची आणि त्याची जुनी दोस्ती होती. धाकट्या शार्दूलच्या जन्माच्या वेळी सदानंद उम्म अल कुवैनच्या साइटवर अडकला होता, तेव्हा त्याच्या बायकोला, छायाला, हॉस्पिटलात नेणारे खैरुद्दीन आणि त्याची बायको शहनाझच होते. सदानंदच्या अल्पसंख्याकांच्या व्यवस्थेत खैरुद्दीन कुठे बसतो, हा प्रश्न सदानंदला कधी पडला नव्हता. खैरुद्दीनला पडला असेल, पण तो दरवर्षी मोदक खायला येत होता.

लिंडनर 'येतो' म्हणाला आणि सदानंदला दुसरी, पहिलीपेक्षा मोठी युक्ती सुचली.

उत्सवात मुलांची वेशभूषा स्पर्धा असायची, विषय कायमचा एकच: थोर पुरुष. नऊ वर्षांचा शार्दूल दोन वर्षं शिवाजी महाराज झाला होता.

"या वर्षी त्याला हिटलर करू," सदानंद म्हणाला.

छायाच्या हातातला झारा तसाच राहिला. "अहो, काहीतरीच काय! गणपतीसमोर?"

"मग काय झालं? जर्मन माणसाला शिवाजी महाराज काय कळणार? पाहुण्याला त्याच्या घरचं काहीतरी दिसलं की तो आपला होतो. हे पब्लिक रिलेशन्स आहे, छाया."

"पण त्याने माणसं मारली हो, लाखांनी."

"ते थोडं जास्त झालं," सदानंदने कबूल केलं. "पण शिस्त बघ ना! देश कसा उभा केला!"

साठ लाख माणसं 'थोडं जास्त' या दोन शब्दांत बसवणं सोपं काम नाही, पण सदानंदला कॉलेजपासून सवय होती. तिथल्या अर्ध्या वर्गाचं जर्मनीबद्दलचं ज्ञान एवढंच होतं. त्यात परत लिंडनर रोज सातच्या ठोक्याला ऑफिसात यायचा. आणखी पुरावा काय हवा?

खाकी शर्ट सत्वाच्या बाजारातून आणला, पस्तीस दिरहम, म्हणजे चारशे रुपये. भाषण सदानंदने स्वतः लिहिलं. मंडळाचा नियम कडक होता, स्टेजवर फक्त मराठी. शार्दूल रोज जेवणानंतर दिवाणखान्यात उभा राहून घोकायचा: "माझ्या देशात शिस्त नव्हती. उपरे आमचंच अन्न खात होते आणि आमच्यावरच उलटत होते. मी उपऱ्यांना त्यांची जागा दाखवली."

एके दिवशी तो मधेच थांबला. "बाबा, व्हॉट इज 'उपरे'?"

"आऊटसाइडर्स. जे बाहेरून येतात आणि राहतात."

"लाइक अस?"

"नो, नो, बेटा," सदानंद म्हणाला. "वुई हॅव व्हिसा."

छायाने तोंड फिरवलं आणि भांडी आवाज करत लावली.

शुक्रवारी भाड्याने घेतलेल्या शाळेचा हॉल खचाखच भरला. पहिल्या रांगेत मधोमध लिंडनर, कपाळाला गंध, हातात नारळ, आणि शेजारी भाषांतर करायला खैरुद्दीन. आरतीला लिंडनरने चक्क टाळ्या वाजवल्या. सदानंदने पडद्याआडून ते पाहिलं आणि मनातल्या मनात इराचा बोर्डाचा फॉर्म भरून टाकला.

तीन शिवाजी झाले, दोन झाशीच्या राण्या झाल्या, पगडी डोळ्यांवर आलेले टिळक झाले. मग ओठांवर काजळाची चौकोनी मिशी लावलेला शार्दूल आला, टाचा आपटल्या आणि बापाने शिकवल्याप्रमाणे हात समोर ताठ उचलला.

हॉलने टाळ्यांचा कडकडाट केला. "वा रे पठ्ठ्या!" कोणीतरी ओरडलं. एवढ्या शिकल्यासवरल्या माणसांत, दोन डॉक्टर आणि चार बँकवाले धरून, एकालाही हसू किंवा टाळी आवरावीशी वाटली नाही. शार्दूलने एकही शब्द न चुकता भाषण म्हटलं. 'उपऱ्यांना त्यांची जागा दाखवली'वर तर पुन्हा टाळ्या.

लिंडनरने टाळी वाजवली नाही. त्याने चष्मा काढला, पुसला, परत घातला, आणि खैरुद्दीनला काहीतरी विचारलं. खैरुद्दीन क्षणभर मुलाकडे बघत राहिला, मग त्याच्या कानाशी वाकून बोलला. लिंडनरने मान हलवली.

बक्षीस समारंभ झाला. लिंडनरने सगळ्या मुलांशी हात मिळवले, शार्दूलशीही. मग प्रसाद न घेताच खैरुद्दीनला म्हणाला की मला घरी सोड.

"भारावून गेला!" सदानंद रात्री पलंगावर पडता पडता म्हणाला. "पाहिलंस ना? बोलता येईना त्याला."

"मी जवळ होते," छाया म्हणाली. "ते भारावले नव्हते, अहो. ते घाबरले होते. एवढा मोठा माणूस, आपल्या शार्दूलला घाबरला. मला लाज वाटली."

सदानंदला झोप लागली नाही, हे सांगायला नकोच.

शनिवारी सकाळी लिंडनरचं बोलावणं आलं. सदानंद शर्टाची वरची गुंडी लावत केबिनमध्ये शिरला.

"बसा," लिंडनर इंग्रजीत म्हणाला. "माझी आई ज्यू होती. वडील ज्यू नव्हते, म्हणून ती आणि मी वाचलो. आजोबा वाचले नाहीत. हे मी इथे कोणाला सांगत नाही, या देशात ते सांगण्यासारखं नाही. काल गाडीत खैरुद्दीनला सांगितलं, आज तुम्हाला सांगतोय."

 सदानंदने नेहमीचं काढलं, देशाचा मोठेपणा. "सर, आय डिडन्ट नो! सर, आमच्याकडे कोकणात ज्यू लोक शेकडो वर्षं राहिले. तेलाचा धंदा करायचे, शनिवारी घाणा बंद, म्हणून शनिवार तेली म्हणायचे त्यांना. कोणी बोट लावलं नाही, सर. आम्ही अल्पसंख्याकांना फार चांगलं वागवतो."

"ऐकून बरं वाटलं," लिंडनर म्हणाला. "आजोबांचं कापडाचं दुकान होतं. तीस वर्षं त्यालाही कोणी बोट लावलं नव्हतं."

बाहेर गोडाऊनमध्ये फोर्कलिफ्ट मागे येताना टीं टीं वाजत होती.

"मुलगा काय बोलला ते मी खैरुद्दीनला विचारलं. तो म्हणाला, मुलगा म्हणतोय की बाहेरून आलेल्यांशी नीट वागा, नाहीतर देश बुडतो. छान भाषांतर होतं. पण ते भाषण मी मूळ भाषेत ओळखतो, मिस्टर टिपणीस. हात कुठे उचलायचा तेही ओळखतो. तुमच्या मित्राला तुम्हाला वाचवायचं होतं, एवढं मला कळलं."

"सर, माझी नोकरी..." सदानंदच्या तोंडून निघून गेलं. निघायला नको होतं, पण पोटात दुसरं काही नव्हतंच.

"तुम्ही राहताय. तुमची एस्टिमेट्स बरोबर असतात. मी गुरुवारीच सही केली होती, तेच सांगायला काल आलो होतो." लिंडनरने फाइल बंद केली. "रात्री वाटलं, बदलावी. एक फोन पुरला असता. पण माणूस आवडला नाही म्हणून मी त्याचे कागद बदलत नाही. आजोबांचे कोणीतरी बदलले होते. आता जा तुम्ही."

सदानंद बाहेर आला. नोकरी वाचली होती, इराची दहावी वाचली होती. आनंदाने नाचावं असा दिवस, आणि त्याला मान वर करवेना. पॅन्ट्रीत खैरुद्दीन सुलेमानी चहाचे दोन ग्लास घेऊन उभा होता.

"राहिलास ना? मग खलास," तो म्हणाला. "छायावहिनींना फोन कर आधी."

सदानंदने ग्लास घेतला. आयुष्यात पहिल्यांदा त्याला या माणसाचे पाय धरावेसे वाटले. सगळं कर्ज एका वाक्यात फेडायचं म्हणून त्याने आपल्याकडचा सगळ्यात मोठा सन्मान काढून खैरुद्दीनच्या हातात ठेवला.

"खैरू, खरं सांगतो, तू त्या लोकांसारखा नाहीस रे. तू वेगळा आहेस."

खैरुद्दीनने आपला ग्लास ओट्यावर ठेवला.

"लिंडनरच्या आजोबांना शेजारी हेच सांगायचे," तो म्हणाला. "काल गाडीत सांगत होता. अगदी शेवटच्या दिवसापर्यंत सांगायचे."