विहिरीने ठेवून घेतलेला चेहरा

थोरल्या लेकीचं लग्न झालं आणि घर एकदम मोठं वाटू लागलं, त्या वर्षीची ही गोष्ट.

लेकीच्या बापाला सगळे कानसेन म्हणत. नोकरी पाणीपुरवठ्यात. लोखंडी सळईचं एक टोक रस्त्याला, दुसरं कानाला लावायचं आणि जमिनीखाली नळ कुठे फुटलाय ते सांगायचं.

एका दुपारी अंथरुणाला खिळलेली आई म्हणाली, "आली रे ती."

"कोण?"

"विहीर."

मागची खोली वाढवताना वडिलांनी अंगणातली विहीर बुजवली होती. आता तिच्यावरच आईची खाट होती. आई म्हणायची, जो वाकून बघतो त्याचा चेहरा पाणी ठेवून घेतं आणि जगातून निघायच्या वेळी परत करतं. नवी नवरी असताना ती वाकली होती ती याच विहिरीत. विहीर बुजली, तेव्हापासून तिला एकच घोर. चेहऱ्याशिवाय जायचं कसं?

त्याने फरशीला सळई लावली. झुळझुळ ऐकू येत होती. भिंतीलगतचा नळ फुटलाय, हे त्याला लगेच कळलं.

"ऐकलंस?"

"हो आई," एवढंच तो म्हणाला.

बायकोने मात्र डोकं धरलं. "जगाच्या गळत्या शोधता आणि आपल्या भिंतीला पोपडे! दिव्याखाली अंधार तो हाच."

"राहू दे थोडे दिवस."

"भिंत अंगावर येईपर्यंत?"

आतून आई म्हणाली, "सूनबाई, पाहुणी आलीय. भांडू नका गं."

शेवटी भिंत फुगली. आईचा डोळा लागलेला पाहून त्याने बाहेरून खणलं, सांधा बसवला, माती लोटली. मग आत जायचा धीर होईना. गेला तेव्हा आई जागी होती.

"आई, येतोय का आवाज?"

"मघाशी जरा ओरडत होती. आता हळू बोलतेय."

आपलं मन राखतेय, असं त्याला वाटलं. सवयीने त्याने सळई टेकवली. नळातलं पाणी पळतं, ती चाल त्याला पाठ होती. हे पळत नव्हतं. खोल कुठेतरी, थांबून थांबून, पाण्याला बादली टेकल्यासारखं.

"अजून गळतंय?" बायकोने विचारलं.

त्याने सळई तिच्या हातात दिली. तिने कान लावला. मग सळई अलगद खाली ठेवली. तिने सासूच्या पायांवरचं पांघरूण नीट केलं.

आईने वाडगाभर पाणी मागितलं. प्यायली नाही. वाकून बघितलं आणि लाजली.

थोरली लेक पहिल्यांदा माहेरपणाला आली, त्या आठवड्यात बुधवारी सकाळी आई वारली.