पाटावर मावेल तेवढी

या, जरा जवळ सरका. टाळ मांडीवर ठेवा, भजन घटकाभर थांबेल. तापीकाठची एक गोष्ट सांगतो. ती कुण्या राजाची नाही, सुरतेतल्या कोसाडच्या चिंधा टेम्पोवाल्याची आहे.

खनिज खात्याच्या कचेरीबाहेर लिंबाखाली भूपेंद्रभाई टेबल मांडून बसतो. लोकांचे अर्ज लिहून देणं हा त्याचा धंदा. चिंधा त्याच्यापुढं उकिडवा बसला होता. पर्वत पाटियाच्या बाजारातलं कापडाचं भाडं थंडावलं, म्हणून उन्हाळ्यात त्यानं एका बांधकामासाठी तापीची वाळू भरली. परवाना नाही, हे त्याला ठाऊक होतं. पुलाजवळ पथकानं टेम्पो धरला आणि वाळूसकट सरकारी आवारात नेऊन लावला. आता श्रावण लागला होता.

"चिंधाभाई, सीधी वात छे," भूपेंद्र म्हणाला. "लिहितो की मालकाला खबर नव्हती, मजूर किसन गाडी घेऊन गेला. आठवड्यात गाडी बाहेर."

"किसन ते फावडा मारे, भाऊ. गाडी मी चालाडी राहिंतू."

"किसन आहे कुठे?"

"गावले गया. धुळाकडे."

"मग? त्याला शोधत धुळ्याला कोण जातंय?"

चिंधानं रुमालानं मान पुसली. रविवारी कानबाई बसणार होती. खानदेशी माणसाची ही माय, जिथं पोट नेईल तिथं त्याच्यामागं येते. एक रात्र घरात राहते आणि सोमवारी तिची नदीवर बोळवण होते. कोसाडच्या गल्लीत तिला डोक्यावर घेण्याचा मान चिंधाच्या बायकोचा, उषाबाईचा. पण उषाबाईचे गुडघे गेलेले. म्हणून दर वर्षी टेम्पो धुऊन, केळीचे खांब बांधून, माय त्यातूनच जायची.

"किसननं नाव नको," चिंधा शेवटी बोलला. "तो परत येई, मन्हा ओटावर चहा पेवाले बठी. मी त्यानाकडे कसा देखू?"

भूपेंद्रनं पेन खाली ठेवलं. "गाडी लांबेल. दंड पण पूरा लागेल. एवढं खरं बोलायचं होतं तर सुरतेत कशाला आलास? गावीच बरा होतास."

"गावनी नदीमा वाळू उरनीच नही, भाऊ."

घरी उषाबाईनं सगळं ऐकून घेतलं. पिठाचे हात झटकत एवढंच म्हणाली, "इतला वरीस मायले गाडीमा बठाडं. आते चालाड."

सोमवारी गल्ली पायी निघाली. डफ वाजत होता. वाटेत पानाच्या टपरीवरून कुणीतरी हाक मारली, "काका, टेम्पो क्यां?" दुसरा म्हणाला, "काकांची गाडी सरकारची पाहुणी आहे, यार." चिंधाही हसला. त्याच्या हातात पाण्याची कळशी होती. डांबर तापलेलं, उषाबाई अनवाणी, डोक्यावर कानबाई. ती पाऊल टाकायच्या आधी तो तिथं पाणी ओतत पुढं सरकत होता. कळशी रिकामी झाली की नळ शोधत धावायचा आणि धापा टाकत परत यायचा. ती थांबून वाट बघायची, पण डोक्यावरचा हात तिनं एकदाही काढला नाही.

बोळवण झाली. मग रीत अशी, की मायच्या रिकाम्या पाटावर नदीची वाळू घेऊन घरी जायचं आणि ती घराच्या कोपऱ्यांत, धान्याच्या कोठीत टाकायची. पाट भरायचं काम चिंधाचं. आज तो लांब उभा राहिला. टेम्पो भरला होता तो याच काठावर.

"भर ना," उषाबाई म्हणाली.

"कोनता तोंडघाई भरू? आठेनच मी टेम्पोभर लई गऊ."

तिनं पाट तसाच पुढं धरून ठेवला. त्या हातांत आता नुसत्या काचेच्या बांगड्या होत्या. पाटल्या दंडासाठी गेल्या होत्या.

"पाटवर मावस तितली ली," ती म्हणाली. "तितलीले माय नही म्हनत नही."

चिंधा गुडघ्यांवर बसला. ओंजळीनं पाट भरला, तळव्यानं सपाट केला. कडेवरून सांडलेली वाळू उचलून त्यानं पुन्हा पाण्यात सोडली.

गाडी सुटली ती भाद्रपदात. हौद्यातल्या वाळूवर हिरवं गवत उगवलं होतं. आवाराचा राखणदार म्हणाला, "रेती इथंच खाली कर. ती सरकारी."

चिंधानं फावड्यानं हौदा रिकामा केला. मग आत चढून रुमालानं कोपरे झाडू लागला.

"रेवा दो ने, राहू दे, काका. मूठभर रेतीनं काय होतं?"

पत्र्याच्या खाचेतला कण न् कण चिंधानं रुमालात गोळा केला, खाली उतरून ढिगावर ठेवला, रुमाल झटकला आणि घडी करून खिशात घातला. मग रिकामा टेम्पो सावकाश चालवत तो घरी गेला.

तुमच्याकडंही माय येत असेल. नदीवरून परतताना पाटावरची वाळू सपाट कराल, तेव्हा सांडलेले चार कण पाण्याला परत द्या, आणि चिंधाची एकदा आठवण काढा.