अंबुजाक्षीची पदवी

"दार लोटू का सर?" अंबुजाक्षीने विचारलं आणि माझ्या उत्तराची वाट न बघता लोटलंही. मग पिशवीतून प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेला एक कागद काढून तिने माझ्या टेबलावर ठेवला. "जेवणाची सुट्टी संपायच्या आत बघून घ्या."

पदवीचं प्रमाणपत्र होतं. बी.ए., अर्थशास्त्र, प्रथम वर्ग, १९९३.

मला नवल वाटलं नाही, हे आधी कबूल करतो. केरळातल्या आमच्या कोट्टारक्कराच्या कार्यालयात ती अठरा वर्षं शिपाई आहे, सगळ्यांची चेची, म्हणजे ताई. मी आस्थापना शाखेचा हेडक्लार्क. माझ्या इंग्रजी मसुद्यांतल्या चुका ती फाइल उचलता उचलता दाखवायची. "सर, इथं काही राहिलंय का?" एवढंच म्हणायची. दहावी पास बाईला हे कसं कळतं, हा प्रश्न मला पहिल्याच वर्षी पडला होता. विचारला नाही, कारण फायदा माझाच होता.

"शिपायांतून कारकून घेणार, पदवी पाहिजे, अशी नोटीस लावलीय ना तुम्ही? मग ही घ्या पदवी."

"चेची, नोकरीला लागताना तू काय लिहून दिलं होतंस?"

मग तिने थोडक्यात सगळं सांगितलं. आमच्याकडे शिपायाच्या जागेवर पदवीधर चालत नाही. कमी शिकलेल्यांच्या तोंडचा घास जाऊ नये म्हणून हा नियम आहे, आणि नियम वाईट नाही. पण त्याआधी कारकुनाच्या परीक्षेच्या निवडयादीत चेचीचं नाव लागलं होतं, आणि तिचा नंबर यायच्या आत त्या यादीची मुदत संपली. वय चौतीस, नवरा माडावरून पडून अंथरुणाला खिळलेला. तेव्हा तिने 'मी पदवीधर नाही' असं लिहून सही केली. असं करणारी ती काही एकटी नाही. फक्त कुणी बोलत नाही.

"हे मी फाइलला लावलं तर बढती राहू दे, तुला बडतर्फ करतील. पेन्शनही जाईल."

"माहीत आहे मला."

"मग आणलंस कशाला?"

"तुम्ही काहीतरी वाट काढाल असं वाटलं. चार वर्षांत निवृत्त होईन, पुन्हा संधी नाही." तिने कागद पुन्हा प्लॅस्टिकमध्ये गुंडाळला. "अठरा वर्षं तुमचे कागद इकडून तिकडे नेतेय सर. एखादा कागद मलाही लिहायचा होता."

मी काहीतरी बोलायचं म्हणून बोललो, "मुक्त विद्यापीठातून पुन्हा बी.ए. कर ना."

ती हसली. "झालेलं लग्न पुन्हा लावायचं? आणि त्यांच्या कॉम्प्युटरवर पहिला नवरा निघाला म्हणजे?"

मग 'निदान अर्ज तरी देते' म्हणत तिने तो माझ्यासमोरच भरला. शिक्षणाच्या रकान्यात 'दहावी' लिहिलं. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच. आणि मी, जो सगळं जाणून होतो, तो अर्ज निमूटपणे घेतला. माझी मला लाज वाटली.

तीन आठवड्यांनी हुकूम निघाले. दोनच कागद होते. एक अंबुजाक्षीचा, 'आवश्यक पात्रता नाही', खाली माझी सही. दुसरा षिनोजचा. तोही शिपाईच, वय तीस. नोकरीला लागल्यावर तिसऱ्या खेपेला बी.ए. पास झाला, म्हणून कारकून झाला. कागद वाटायचं काम अर्थात चेचीचं. तिने आधी पोचवहीत सही करून स्वतःचा कागद स्वतःच घेतला, मग षिनोजचा त्याला नेऊन दिला.

षिनोजने कागद उलटसुलट केला. "चेची, हे काय लिहिलंय गं इंग्रजीत? दोन वर्षांचं काहीतरी?"

तिची नजर भराभर शेवटच्या ओळीपर्यंत गेलेली मी पाहिली. "सरांना विचार बाबा," ती म्हणाली. "मला कुठलं कळतंय?"

षिनोज मनाने चांगला आहे, तिच्याबद्दल त्याला खरंच वाईट वाटत होतं. "तूही तेव्हा चार बुकं शिकली असतीस ना चेची, तर आज माझ्या शेजारी बसली असतीस."

"हो रे," अंबुजाक्षी म्हणाली. "राहून गेलं खरं."

आणि तिने फडकं घेऊन त्याची नवी खुर्ची पुसायला सुरुवात केली.