बारा वाजायच्या आत सूप

बाबा डिसेंबरात गेले आणि एप्रिलमध्ये आईच्या उजव्या अंगावरून वारं गेलं. पाय आठवड्याभरात फरफटत का होईना चालू लागला, पण हात तसाच लोंबकळत राहिला. जीभ मात्र तिसऱ्या दिवशी सुटली. आमच्या पुनाता गावातल्या गल्लीत लोक म्हणायचे, झेनोबियाचं अंग झोपलं, पण तोंड सगळ्यांच्या आधी उठून बसलं.

दवाखान्यातल्या मुलीनं हातासाठी रबरी चेंडू दिला होता. रोज शंभर वेळा दाबायचा. आईनं दोन दिवस दाबला आणि तिसऱ्या दिवशी अंगणात भिरकावला. "मी काय मांजर आहे चेंडूशी खेळायला?" म्हणाली. मी शिवणयंत्रावरून उठून तो आणून दिला की पुन्हा भिरकवायची. मग मीही आणायचं सोडून दिलं.

सप्टेंबरच्या शेवटी कासिमिरा आत्या आली. बाबांची थोरली बहीण. ती बसायच्या आधी कामाचं बोलते.

"पहिल्या नोव्हेंबरला गेलेली माणसं घरी जेवायला येतात, इलारियोनचं ताट मांडायचंय. पहिलं वर्ष आहे, साधंसुधं चालणार नाही. पाव आणि पावाच्या बाहुल्या ही नील्डा भाजेल. शेंगदाण्याचं सूप मी घरून करून आणते."

"सूप मी करणार," आई म्हणाली.

"तू?"

"त्यांना माझ्या हातचं आवडायचं. तुमच्या सुपाला पिठाचा वास येतो, वन्सं."

आत्यानं आईच्या मांडीवर पडलेल्या हाताकडे पाहिलं. "आणि तुझ्या हाताला आता काय येतं, झेनोबिया?"

मी शिवण थांबवली. आत्यालाही बहुतेक तोंडातून निघालेलं टोचलं असावं, कारण ती चहा न घेताच उठली. ती फाटकाबाहेर गेल्यावर आई म्हणाली, "नील्डा, पाटा धुऊन ठेव."

आमचा पाटा अंगणात, डाळिंबाच्या झाडाखाली आहे. त्यावरचा दगड अर्ध्या चंद्रासारखा, चांगला दहा-बारा किलोंचा. तो लाटायचा नसतो, दोन्ही टोकं धरून डोलवायचा असतो, एकदा या बाजूला, एकदा त्या बाजूला. दोन्ही हात लागतात.

"आई, मिक्सर आहे की घरात," मी म्हटलं. "दोन मिनिटांत दूध निघेल दाण्यांचं."

"निघेल. बटण दाबणार तू, ओतणार तू. मग सूप तुझं झालं. माझं त्यात काय, नजर?"

पहिल्या दिवशी तिनं मूठभर दाणे भिजवले, डाव्या हातानं एकेकाची साल काढली आणि पाट्यासमोर बसली. एका हातानं दगड डोलेना. एका बाजूला कलला की तिकडेच पडून राहायचा. चौथ्या वेळी तो पाट्यावरून घसरला आणि तिच्या पायापासून बोटभर अंतरावर आदळला. मी ओरडले. ती म्हणाली, "ओरडू नकोस, उचलून ठेव."

आठवडाभर हेच चाललं. दाणे भरडले जायचे, वाटले जायचे नाहीत. ती भरड कोंबड्यांना जायची. कोंबड्या बाळसं धरायला लागल्या.

मग एका सकाळी तिनं ट्रंक उघडायला लावली आणि लोकरीचा विणलेला लांब पट्टा काढला. तान्ह्या बाळाला कपड्यात घट्ट गुंडाळून वरून बांधतात तो. मला त्यातच बांधायची.

"माझा उजवा हात दगडाला बांध."

"कैद्यासारखा?"

"तुला बांधायचे तेव्हा तू काय कैदी होतीस? बांध. घट्ट बांध, मला तिथं काही कळत नाही."

मी बोटं दगडाच्या टोकाभोवती वळवली आणि पट्टा मनगटापर्यंत गुंडाळला. आता डावा हात दगड रेटायचा, उजवा त्याच्यामागून ओढला जायचा आणि हाताच्या वजनानं दगड परत यायचा. चांगला डोलत नव्हता, पण डोलत होता. दोन मुठी दाणे वाटायला तिला सकाळची दुपार झाली. संध्याकाळी खांदा सुजला. मी कोमट तेल चोळत होते तर म्हणाली, "उद्या तीन मुठी."

ऑक्टोबर असा गेला. मनगटावर पट्ट्याचे वळ उठले. मी रागावले की ती म्हणायची, "तुझ्या बापानं तीस वर्षं ट्रक चालवला. त्याच्या पाठीला काय कमी वळ होते?"

पहिल्या नोव्हेंबरला आई पहाटेच उठून पाट्यावर बसली. रात्री गरम पाण्यात भिजवलेले अर्धा किलो दाणे, सोललेले, पांढरेशुभ्र. मी हात बांधला. तिनं मला आत पिटाळलं, टेबल मांडायला. मी काळं कापड घातलं, बाबांचा फोटो ठेवला, आत्म्याला खाली उतरायला पावाची शिडी, पावाच्या बाहुल्या, ऊस, त्यांची आवडती सिगारेट. मधूनमधून खिडकीतून बघत होते. दगडाचा आवाज थांबायचा, मला वाटायचं संपलं, आणि पुन्हा सुरू व्हायचा. साडेनऊला ती मला हाक मारून म्हणाली, "सोड." पातेल्यात दाट, सायीसारखं वाटण होतं. बोटांनी चाचपलं तर एक कण लागला नाही.

बरगड्यांचा रस्सा मी आधीच उकळून ठेवला होता. त्यात तिनं वाटण सोडलं आणि डाव्या हातानं पळी फिरवू लागली. कच्चे दाणे एकदा चुलीवर चढले की उकळी फुटेपर्यंत पळी थांबवायची नाही, आणि उकळी फुटली की डोळे हलवायचे नाहीत, क्षणात उतू जातं. पोरीसोरींनाही माहीत असतं हे.

दहाच्या सुमारास आत्या आली. हातात फडक्यात बांधलेलं मोठं भांडं.

"असू दे म्हटलं," ती म्हणाली. "वेळेला लागलं तर."

"लागणार नाही," आई स्वयंपाकघरातून म्हणाली.

आत्या भांडं ओसरीवर ठेवून टेबलाकडे गेली आणि मी लावलेले पाव पुन्हा लावू लागली. तेवढ्यात फाटकावर फुलवाली आली. मी गेले, पिवळ्या फुलांचे दोन गुच्छ घेतले. परत वळले तोच आतून चर्रर्र आवाज आला आणि काहीतरी धाडकन आपटलं.

आम्ही दोघी धावलो. शेगडीवर, भिंतीवर, जमिनीवर पांढरा फेस. गॅस आईनं बंद केला होता. तिनं डाव्या हातानं, नुसत्या हातानं, पातेल्याचा कान धरून ते ओढलं होतं. एका कानावर पातेलं तोललं जाईना, ते ओट्यावर कलंडलं होतं. तळव्यावर लाल पट्टा उमटला होता.

"काही नाही झालं," ती म्हणाली. "पळी टाकून दुसऱ्या हातानं दुसरा कान धरायला गेले. दुसरा हात नाहीये हेच विसरले."

मी तिचा हात नळाखाली धरला. आत्यानं पातेल्यात डोकावलं. तळाशी बरगड्यांच्या मधे दोन-तीन वाडग्यांचं सूप उरलं होतं. बाहेर वीस माणसं येणार होती.

"घड्याळ बघ, झेनोबिया," आत्या म्हणाली. आवाज एरवीपेक्षा खाली होता. "साडेदहा वाजून गेले. बाराला आत्मा दारात येतो. पुन्हा वाटायला वेळ नाही. माझ्या भांड्यातलं काढू या. कुणाला कळणार आहे?"

"त्यांना कळेल."

"मेलेल्या माणसाला?"

"ते जिवंत असतानाही तुमच्याकडून जेवून आले की घरी येऊन पुन्हा जेवायचे, वन्सं. मी कधी सांगितलं नाही तुम्हाला."

आत्याचं तोंड उघडंच राहिलं. मला वाटलं आता भांडण पेटणार. पण आईनं नळाखालून हात काढला आणि पदरासारखी शाल खांद्यावर सारली.

"ऐका. येणाऱ्यांना तुमचं सूप वाढा. चांगलं असेल ते, इतकं वाईट नसतं. टेबलावरचा वाडगा माझा. आटूनही एक वाडगा भरेल एवढं आहे त्यात. नील्डा, गॅस लाव. कच्चा वास जायला अजून पाऊण तास हवा."

"हात भाजलाय तुझा," मी म्हटलं.

"पळीला दांडा आहे ना?"

ती पुन्हा उभी राहिली. पळी फिरवताना तिचे ओठ घट्ट मिटलेले होते. थोड्या वेळानं आत्या न सांगता शेजारी येऊन बसली, बटाटे सोलले, वाटाणे निवडले. आई "आता घाला" म्हणाली की ती घालायची. कोरडी भाजलेली मॅकरोनी पडली. मी बटाट्याच्या काड्या तळल्या. उतू जायला लागलं की आत्या पातेल्याचा एक कान धरायची आणि आई दुसरा.

पावणेबाराला आत्यानं चमच्याच्या टोकावर घेऊन चाखलं. बराच वेळ चमचा तोंडात ठेवला.

"मीठ कमी आहे," ती म्हणाली.

"त्यांना रक्तदाब होता."

आत्या हसायला गेली आणि तिचे डोळे भरून आले. मग ती भिंतीकडे तोंड करून उभी राहिली, आणि आई पळी धरून तशीच थांबली, ती वळेपर्यंत.

वाडगा आईनंच नेला. एका हातानं, पाय ओढत, स्वयंपाकघरापासून टेबलापर्यंत. मी मागून चालत होते, हात पुढे करून, पण लावला नाही. काही थेंब सांडले. तिनं तो बाबांच्या फोटोसमोर ठेवला, वर बटाट्याच्या काड्या, चिरलेली पार्सली, बाजूला तिखट चटणी. चर्चची घंटा वाजायला लागली. कुणीतरी दार सताड उघडलं. आई खुर्चीत बसली आणि भाजलेला तळहात उघडा मांडीवर ठेवून दाराकडे बघत राहिली.

लोक येत राहिले, आत्याचं सूप पीत राहिले आणि चांगलं झालंय म्हणत राहिले. ते खरंच बरं झालं होतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी आत्म्याला निरोप देऊन टेबल उठवायचं होतं. टेबलावरचं अन्न प्रार्थना म्हणणाऱ्यांना वाटतात. गल्लीतली मुलं, म्हातारे सगळे रांगेत उभे होते. वाडगा उचलायला मी हात घातला तर कासिमिरा आत्यानं माझं मनगट धरलं.

"पहिली प्रार्थना मी म्हणते," ती म्हणाली. "वाडगा माझा."

ती गुडघ्यांवर बसली, आमच्या क्वेचुआ भाषेत पूर्ण प्रार्थना म्हटली, एकही ओळ न गाळता. मग तिथंच, जमिनीवर, सगळ्यांसमोर, थंड झालेलं, वर साय धरलेलं ते सूप तिनं खाल्लं. तळाशी उरलेलं बोटानं पुसून घेतलं.

आई खुर्चीतून सगळं बघत होती. आत्यानं रिकामा वाडगा तिच्या मांडीवर आणून ठेवला.

"रविवारी येते," आत्या म्हणाली. "दाणे घेऊन. तू वाट, मी दगडाचं दुसरं टोक धरते."

"या," आई म्हणाली. "पण लवकर या. मला वेळ लागतो."